पायाखालच्या कातळाची ओळख



भूशास्त्र म्हटले की ज्वालामुखीची रंगीत चित्रे आणि पाठ करावयाची खडकांची नावे आठवतात. शहापूर-मुरबाड मार्गावरील सापगावच्या मुलाला आरंभी यांपैकी कशाचीच आवश्यकता नाही. भातसा नदी गावाजवळून वाहते. तिच्या काठचा काळा कातळ हेच त्याचे पहिले पाठ्यपुस्तक होय.

हा कातळ म्हणजे बेसॉल्ट. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून लाव्हा वारंवार बाहेर पडला व थरावर थर साचले. माहुलीचा डोंगर अशाच थरांचा आहे. त्याचे नवरा-नवरीचे सुळके दाखवून ही गोष्ट सांगितली, तर ती मुलांना सहज पटते. मुरूम, कातळ, खाचर, वरकस हे शब्द मुले घरूनच घेऊन येतात. शिक्षकाने त्या शब्दांपासून सुरुवात करावी. परिभाषा मागाहून येईल.

आता या अभ्यासाची निकड पाहू. भातसा, तानसा व मोडकसागर हे जलाशय शहापूर तालुक्यात आहेत. भातसा धरणातून सोडलेले पाणी नदीच्या पात्रानेच पिसे येथील बंधाऱ्यापर्यंत जाते आणि तेथून मुंबईला पोहोचते. त्याच तालुक्यातील अनेक गावपाड्यांना एप्रिल-मे महिन्यांत टँकरची वाट पाहावी लागते. मुसळधार पावसाच्या प्रदेशात असे का व्हावे, हा प्रश्न मूल विचारतेच. उत्तराचा काही भाग प्रशासनाकडे आहे. तो टाळून चालणार नाही. उरलेला भाग जमिनीत आहे. अखंड बेसॉल्टमध्ये पाणी मुरत नाही. ते वरच्या झिजलेल्या मुरमात आणि खडकाच्या भेगांत साठते. मुरमाचा थर पातळ असला आणि उतार तीव्र असला, की पावसाचे पाणी वाहून जाते व विहीर लवकर आटते.

हे मुलांना प्रत्यक्ष दाखविता येते. तळाला भोके पाडलेल्या दोन डब्यांपैकी एकात मुरूम, दुसऱ्यात चिकणमाती भरावी व दोहोंत सारखेच पाणी ओतावे. कोणते लवकर झिरपते, हे मुले स्वतःच सांगतील. दुसरा उपक्रम अधिक मोलाचा आहे. हातहाताच्या अंतरावर गाठी मारलेल्या दोरीला दगड बांधून, मोठ्यांच्या देखरेखीखाली, महिन्यातून एकदा विहिरीतील पाण्याची पातळी मोजावी. जूनपासून मेपर्यंतच्या नोंदींचा आलेख वर्गाच्या भिंतीवर लावावा.

भेगांचा विषय निघाला की भूकंपाचाही निघतो. सप्टेंबर १९८३ मध्ये भातसा जलाशयाच्या परिसराला अनेक धक्के बसले. त्यांतील सर्वांत मोठ्याची तीव्रता रिश्टर मापनानुसार पाचाच्या किंचित आत होती. जलाशयातील पाण्याचा भार आणि खोल भेगांत शिरलेल्या पाण्याचा दाब यांमुळे आधीच ताणाखाली असलेला खडक सरकू शकतो. कोयनेच्या ११ डिसेंबर १९६७ च्या भूकंपानंतर या प्रकाराकडे जगभरच्या शास्त्रज्ञांचे लक्ष वेधले गेले. मुलांना हे घाबरविण्यासाठी सांगावयाचे नाही. धक्का बसताच काय करावे, हे ज्याला ठाऊक असते तो अफवांच्या मागे धावत नाही.

ग्रामपंचायतीने शाळेची ही नोंदवही वर्षातून एकदा तरी मागवून घ्यावी. नवी विहीर कोठे खणावी अथवा कोणत्या ओहोळावर बंधारा घालावा, याची चर्चा ग्रामसभेत होते. त्या वेळी शाळेतील मुलांनी मोजलेले बारा महिन्यांचे आकडे टेबलावर असावेत. भूजल सर्वेक्षणाचे अधिकारी येतील, तेव्हा त्यांनाही ती वही दाखवावी.