नकलेची मजुरी



विषयाचे नाव ऐकताच पुढल्या रांगेतील वडीलधाऱ्यांनी एकमेकांकडे पाहिले, ते आमच्या ध्यानात आले आहे. जपानी ॲनिमे, म्हणजे चितारलेल्या चलच्चित्रमालिका. त्यांतील लोकप्रिय पात्रे उचलून त्यांचेच चाहते संगणकावर प्रौढांसाठी विडंबनखेळ रचतात. पुष्कळसे निव्वळ चावट असतात, आणि कोवळ्या वयाची पात्रे जेथे त्यांत ओढली जातात तेथे आमचा विरोध बिनशर्त आहे. पण आम्ही पडलो कामगार चळवळीतली माणसे. वस्तू दिसली की ती कोणी घडविली आणि त्याच्या हाती काय पडले, हे आम्ही आधी विचारतो.

अशा स्वप्रकाशित मालाला जपानात 'दोजिन' म्हणतात. १९७५ च्या डिसेंबरात टोकियोत त्याचा 'कॉमिक मार्केट' हा बाजार प्रथम भरला, तेव्हा ३२ गट आणि सातशेच्या आसपास माणसे होती. आता लाखोंची जत्रा लोटते. खेळ करण्यास कारखाना लागत नाही. 'रेनपाय' नावाचे साधन फुकट मिळते. चित्रे, संवाद आणि खेळणाऱ्याने निवडावयाच्या वाटा एकटा माणूसही रात्री बसून जुळवू शकतो. हत्यारे कारागिराच्या घरात, हे आपल्या विणकराचेच चित्र! मात्र विणकराचे सूत व्यापाऱ्याचे, तसे येथले पात्र कंपनीचे.

१९९९ साली कोनामी कंपनीने 'तोकिमेकी मेमोरियल' या आपल्या खेळातील नायिकेची अश्लील चित्रफीत काढणाऱ्यावरचा दावा टोकियोच्या जिल्हा न्यायालयात जिंकला. पुढे २०१८ च्या अखेरीस अमलात आलेल्या दुरुस्तीने फिर्यादीवाचून खटला भरण्याची मुभा दिली. पण ती मूळ कृती जशीच्या तशी चोरून विकणाऱ्यांपुरतीच ठेवली. म्हणजे विडंबनकाराचा धंदा मालक गप्प बसेल तोवर चालू. असे जगणे कसे असते, ते गिरणीच्या दारात उभ्या राहिलेल्या जुन्या बदली कामगाराला विचारावे.

आणि ती पात्रे मुळात रेखाटणारे? त्यांतील कित्येकांना आजही नगावर मजुरी मिळते, पात्रावर हक्क नसतो. जगप्रसिद्ध दिग्दर्शक हायाओ मियाझाकी १९६४ साली तोएईच्या चित्रशाळेत कामगार संघाचे सरचिटणीस होते, हे त्यांचे चित्रपट डोक्यावर घेणाऱ्यांपैकी थोड्यांनाच ठाऊक असते.

आता तिसराच धनी उपटला आहे. एप्रिल २०२४ मध्ये 'डीएलसाइट' या जपानी दुकानात व्हिसा आणि मास्टरकार्ड चालेनासे झाले. जुलै २०२५ मध्ये 'इच' या विक्रीस्थळाने पैसे वळते करणाऱ्या कंपन्यांच्या दडपणाखाली प्रौढांचे खेळ शोधयादीतून सरसकट काढले. ओंगळ कोणते, बरे कोणते, ही निवड नंतरची. न्यायालय नाही, मूळ मालकाची फिर्याद नाही. गिरणीत कामावरून काढताना निदान आरोपपत्र देऊन खुलासा मागत. येथे खेळ करणाऱ्यांना आगाऊ सूचनादेखील मिळाली नाही.