आधी हाक, मग निवाडा
(मिरज येथे पाठीराख्यांच्या मेळाव्यात केलेले भाषण)



उत्पत्तीच्या तिसऱ्या अध्यायातली गोष्ट आपल्याला लहानपणापासून पाठ आहे. आदामाने काय केलं हे देवाला ठाऊक होतं. तरीही देवाने आधी त्याला हाक मारली, प्रश्न विचारला, त्याचं उत्तर ऐकलं. बागेबाहेर काढणं त्यानंतर झालं.

हा दाखला कोर्टातही दिला गेला आहे. १८६३ साली लंडनमध्ये कूपर नावाच्या माणसाने बांधकामाची आगाऊ सूचना न देता घर बांधायला घेतलं. वँड्सवर्थच्या बोर्डाने ते पाडून टाकलं. पाडण्याचा अधिकार कायद्याने बोर्डाला होता. पण मालकाचं म्हणणं न ऐकता पाडलं, म्हणून बोर्ड खटला हरलं. त्या निकालात एका न्यायमूर्तींनी आदामाचीच आठवण करून दिली होती.

आज हे सांगण्याचं कारण, सांगली जिल्ह्याच्या पूर्व भागातल्या एका पारधी वस्तीवरची एक आजी. वस्ती सरकारी जमिनीवर आहे. मी गेले तेव्हा आजी भांडी गोणपाटात बांधत होती. विचारलं तर म्हणाली, "ताई, कागद आलाय. कागद आला म्हंजी मागनं पोलीस येत्यात." तांदळाच्या डब्यातून तिने नोटीस काढून दिली. अतिक्रमण का काढू नये, याचा खुलासा मागितला होता. मुदत संपून चार दिवस झाले होते. तिला जे निघून जाण्याचं फर्मान वाटलं होतं, तो खरं तर तिला विचारलेला प्रश्न होता.

आजीची भीती खुळी नाही. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने माणसं जन्मतःच गुन्हेगार ठरवली. हजेरी लावली, सोलापूरसारख्या ठिकाणी तारेच्या कुंपणात ठेवली. देशातल्या अशा काही वसाहती मुक्तिफौजेसारख्या मिशन संस्थांनीही चालवल्या, हे आपण नम्रपणे कबूल केलं पाहिजे. तो कायदा १९५२ साली रद्द झाला. पण सरकारी कागद दिसला की रातोरात पाल हलवायचं, ही सवय राहिली. आणि माणूस निघून गेला की त्याची बाजू न ऐकताच प्रकरण संपतं.

म्हणून कायदा काय म्हणतो ते थोडक्यात पाहू. १९८१ च्या जुलैमध्ये मुंबईच्या फुटपाथवरची माणसं हटवून त्यांना मूळ गावी पाठवण्याचं मुख्यमंत्री अंतुले यांनी जाहीर केलं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. ओल्गा टेलिस खटला म्हणून ते ओळखलं जातं. १० जुलै १९८५ रोजी सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने निकाल दिला. जगण्याच्या हक्कात पोट भरण्याचा हक्क येतो, आणि हटवण्याआधी माणसाला साधारणपणे ऐकून घेतलंच पाहिजे, असं न्यायालय म्हणालं. पण खोटी आशा नको. फुटपाथवर राहण्याचा हक्क मात्र न्यायालयाने मानला नाही. पावसाळा संपून महिना होईपर्यंत, म्हणजे ३१ ऑक्टोबरपर्यंत, त्यांना हलवू नये एवढी सवलत मिळाली.

१३ नोव्हेंबर २०२४ रोजी न्यायमूर्ती गवई आणि न्यायमूर्ती विश्वनाथन यांनी बुलडोझरबाबत निर्देश दिले. किमान १५ दिवसांची नोटीस, सुनावणी, आणि अंतिम आदेशानंतर आणखी १५ दिवस. पण रस्ता, फुटपाथ, रेल्वेलगतची जागा, नदीकाठ अशा ठिकाणच्या अनधिकृत बांधकामांना हे निर्देश लागू नाहीत. म्हणजे रस्त्याकडेच्या आपल्या पुष्कळ पालांना हे कवच नाही.

सरकारी क्वार्टरबद्दलही काही जण विचारतात. क्वार्टर नोकरीबरोबर येतं आणि नोकरीबरोबर जातं. राज्याच्या जागांसाठी १९५५ चा निष्कासन कायदा आहे. नेहमीच्या दिवाणी दाव्यापेक्षा ही वाट झटपट असली तरी ती वैध आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्ये मगनलाल छगनलाल खटल्यात ठरवलं. केंद्राच्या जागांना १९७१ चा कायदा लागतो. त्यात कारणे दाखवा नोटीस असते, आणि आदेश निघाल्यास जिल्हा न्यायाधीशांकडे अपिलाला १२ दिवस. तिथेही नोटीस उशीखाली ठेवून चालत नाही.

साताऱ्याच्या डोंगरातल्या कातकरी कुटुंबांचा प्रश्न वनजमिनीचाही आहे. २००६ चा वनहक्क कायदा सांगतो की दाव्याची पडताळणी पूर्ण होईपर्यंत आदिवासींना हलवता येत नाही. १३ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दावे फेटाळलेल्यांना हटवण्याचा आदेश दिला, आणि २८ फेब्रुवारीला तो थांबवला. दावे फेटाळताना कोणती पद्धत पाळली, याचा तपशील राज्यांकडून मागवला. तिथेही मुद्दा तोच होता, ऐकून घेतलं का?

गायरान आणि गावच्या सामाईक जमिनींवरची अतिक्रमणं काढा, असं २०११ च्या जगपालसिंग निकालाने सांगितलं. ते योग्यही आहे, गायरान गावाचं असतं. पण त्याच निकालाने भूमिहीन आणि अनुसूचित जाती-जमातींना सरकारी निर्णयाने दिलेल्या जागांसाठी अपवादाची जागा ठेवली. राज्याच्या १६ फेब्रुवारी २०१८ च्या निर्णयानेही ग्रामीण भागातल्या सरकारी जमिनीवरची १ जानेवारी २०११ पूर्वीची राहती घरं अटींवर नियमित करण्याची वाट दिली. आपल्या कुटुंबाला ती लागू होते का, हे सुनावणीतच मांडता येतं. आणि मांडायला पुरावा लागतो. रेशनकार्ड, मतदार यादीतलं नाव, वीजबिल, मुलाचा शाळेचा दाखला, जातीचा दाखला. घरपट्टीच्या पावतीने जागा मालकीची होत नाही, पण आपण तिथे कधीपासून आहोत हे दिसतं.

आजीचं काय झालं? नातवाचा शाळेचा दाखला आणि जुनं रेशनकार्ड घेऊन आम्ही कार्यालयात गेलो. उशीर का झाला ते लिहून दिलं. साहेबांनी अर्ज घेतला, तारीख दिली. तारखेला आजी स्वतः उभी राहिली आणि बोलली. निकाल अजून लागलेला नाही, तो विरुद्धही जाऊ शकतो. पण गोणपाटातली भांडी बाहेर आली, आणि नातवाची शाळा सुटली नाही.

आपल्याकडून मला तीन गोष्टी हव्यात. पहिली, जी मंडळी वस्तीवर प्रार्थनेला किंवा औषधं घेऊन जातात, त्यांनी एवढं जरूर विचारावं, "कुठला कागद आलाय का?" आला असेल तर त्यावरची तारीख त्याच दिवशी वाचून सांगावी. दुसरी, अनुसूचित जमातीच्या व्यक्तींना आणि सर्व स्त्रियांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. साताऱ्यात आणि सांगलीत जिल्हा न्यायालयाच्या आवारात विधी सेवा प्राधिकरण आहे, १५१०० हा फोनही आहे. तिथपर्यंत सोबत जावं. एस.टी.चं भाडं आणि बुडालेला रोज, एवढाच खर्च असतो, आणि तुमच्या देणगीतला काही भाग त्यासाठीच वापरला जातो. तिसरी, प्रार्थना. वस्तीवरच्या लोकांसाठी करा, आणि खुर्चीवर बसलेल्या अधिकाऱ्यांसाठीही करा, की त्यांनी निवाड्याआधी समोरच्याला हाक मारावी.

ऐकून घेतल्यावरही घर जाऊ शकतं. पण न ऐकता कुणाचं जाऊ नये, एवढं तर आपल्या हातात आहे. प्रभू आपल्याला त्यासाठी पाय आणि वेळ देवो. आमेन.