गैरहजर राहिलो म्हणजे हरलो नव्हे
(सिद्धगडाच्या पायथ्याशी केलेले भाषण)



२ जानेवारी १९४३ रोजी याच सिद्धगडावर भाई कोतवाल आणि हिराजी पाटील इंग्रज सरकारच्या गोळ्यांना बळी पडले. भाई कोतवाल वकिली शिकलेले, पण शेतकऱ्यांच्या बाजूने उभे राहिलेले. तेव्हा कोर्टाची गोष्ट इथेच बोलू.

जमिनीचा दावा आपण खाली हरतो आणि जिल्हा कोर्टात अपील करतो. तारीख काही वापसा बघून पडत नाही. तिकडे पुकारा होतो, इकडे आपण तिफणीमागे असतो, नाहीतर फुटलेला कापूस वेचत असतो. वकीलही नसतो. अपील फेटाळले जाते आणि गावात बोभाटा होतो, "गडी हरला!"

हे खोटे आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ४१व्या ऑर्डरचा नियम १७ सांगतो की, अपील करणारा गैरहजर असेल तर कोर्ट अपील फेटाळू शकते. पण १९७६च्या दुरुस्तीने त्यात खुलासा घातला: अशा गैरहजेरीत जमीन कोणाची, याचा निवाडा करून अपील फेटाळता येत नाही. म्हणजे आपले म्हणणे खोटे ठरलेले नसते, ते ऐकलेलेच नसते. मात्र आपण गप्प बसलो, तर खालचा हुकूम कायम होतो.

उपाय नियम १९मध्ये आहे. पुरेसे कारण शाबीत केले, तर अपील पुन्हा दाखल होते. मुदत ३० दिवस, आणि ती फेटाळल्याच्या तारखेपासून. आपल्याला कळल्यापासून नव्हे. उशीर झालाच तर विलंबमाफीचा अर्ज वेगळा द्यावा लागतो. वकिलाने दगा दिला तर? रफिक विरुद्ध मुन्शीलाल या खटल्यात १९८१ साली सुप्रीम कोर्टाने सांगितले की, वकिलाच्या चुकीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको. पण त्या भरवशावर झोपू नका. तुम्ही स्वतः काय चौकशी केली, हेही कोर्ट विचारते.

गैरहजेरीची किंमत आपल्या बापजाद्यांनी मोजली आहे. १ एप्रिल १९५७च्या कृषिदिनानंतर कुळांना जमीनखरेदीसाठी नोटिसा निघाल्या. जो हजर झाला नाही, तो 'खरेदीस नाखूष' ठरला. पुढे विधिमंडळालाच कायदा दुरुस्त करून अशा कुळांना आणखी एक संधी द्यावी लागली. कष्टकरी नाखूष नव्हता, तो तिथे पोचलाच नव्हता!

म्हणून आपण एवढे करू. प्रत्येक गावात तारखांची एक वही ठेवू. पेरणीत तारीख आली, तर वकिलाकडून आधीच मुदतीचा अर्ज देववू. नंतर "पेरणी होती" एवढ्याने भागेलच असे नाही. आजारी पडलो तर डॉक्टरचा दाखला त्याच दिवशी घेऊ. तारखेनंतर आठवड्याच्या आत रोजनामा पाहू. वकिलाला पैसे नसतील, तर १९८७च्या कायद्याने स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करू.

आणि सरकारला बजावू: पेरणीच्या पंधरवड्यात शेतकऱ्याच्या अपिलाची तारीख नको. न्याय हवा तर आधी आमचे ऐका, आणि शेतकऱ्याला येता येईल अशा दिवशी ऐका.