भर घालणे आणि ऑईल बदलणे



कोल्हापूरहून हुपरीकडे जाणाऱ्या रस्त्यावर गडमुडशिंगी हे गाव लागते. शेजारी गांधीनगरची घाऊक पेठ, पलीकडे उजळाईवाडीचा विमानतळ आणि गोकुळ शिरगावची औद्योगिक वसाहत. अशा गावात ज्याच्या दारात एके काळी बैलगाडी सुटलेली असे, त्याच्या दारात आज पिकअप उभी दिसते. सकाळी भाजी, दुपारी कापडाचे गठ्ठे, हंगामात गुळाचे रवे. गाडी बहुधा हप्त्यावर घेतलेली. इंजिन उतरले की धंदा बंद पडतो, हप्ता मात्र चालूच राहतो. मी अर्थशास्त्र शिकवणारा माणूस, मिस्त्री नव्हे. पण घरच्या जमाखर्चात इंजिनाच्या ऑईलला केवढे मोल आहे, हे त्या हप्त्याकडे पाहिले की कळते.

‘ऑईल कधी बदलले?’ असे गाडीवाल्याला विचारावे, तर पुष्कळदा उत्तर येते, ‘कमी झालं की वरनं घालतोय की!’ येथेच घोटाळा आहे. बैलगाडीच्या आखाला वंगण घालताना भर घालून भागत असे, कारण जुने वंगण मळ घेऊन बाहेर गळून जाई. इंजिनात तसे नाही. तेच ऑईल चेंबरमधून वर चढते, सगळ्या भागांवरून फिरते आणि पुन्हा चेंबरमध्ये येते. नवे एक लिटर ओतले, तरी आतला जुना मळ आतच राहतो.

हा मळ येतो कोठून? मिनिटाला ३००० फेरे घेणाऱ्या इंजिनात प्रत्येक दट्ट्या सेकंदाला ५० वेळा खालीवर होतो. त्याच्या कडेने थोडा धूर, थोडे न जळलेले पेट्रोल खाली उतरतेच. आणखी एक गोष्ट ऐकून नवल वाटेल: एक लिटर पेट्रोल जळले की जवळजवळ एक लिटर पाणी तयार होते. त्यातले बहुतेक वाफेच्या रूपाने मागच्या नळीतून जाते, पण थोडे आतही शिरते. गाडी लांब पल्ल्यावर गेली तर ऑईल चांगले तापते आणि ते पाणी उडून जाते. पण गडमुडशिंगी ते गांधीनगर एवढीच खेप मारून गाडी बंद केली, तर ऑईल पुरते तापतच नाही. पाणी आत साचते आणि ऑईलशी मिसळून घट्ट ताकासारखा थर धरते. ऑईल भरायचे झाकण उघडून त्याची आतली बाजू बघा. हा थर दिसला तर समजावे की खेपा आखूड होत आहेत.

म्हणून नुसत्या किलोमीटरच्या आकड्यावर विसंबू नये. पेठेतल्या गर्दीत गाडी अर्धा तास चालू ठेवून उभी असते, तेव्हा आकडा हालत नाही, ऑईल मात्र झिजत असते. गगनबावड्याचा घाट भरल्या गाडीने चढणे, उसाच्या फडाच्या वाटेवरची धूळ, हेही तसेच. कंपनीच्या पुस्तिकेत ‘इतके किलोमीटर किंवा इतके महिने, जे आधी होईल ते’ असे लिहिलेले असते. धूळ, ओझे आणि आखूड खेपा यांसाठी त्याहून कमी मुदत दिलेली असते. ती कमी मुदत आपल्यासाठीच आहे.

रंगावरून पारख करण्याची सवयही सोडावी लागेल. आपल्याकडची छोटी मालगाडी बरीच वर्षे डिझेलची होती. टाटा एस २००५ साली आली ती डिझेलवरच. २०२० च्या एप्रिलपासून धुराचे नवे नियम लागू झाले आणि या आकाराच्या गाड्यांत पेट्रोल व सी.एन.जी. यांचा वाटा वाढला. डिझेलमध्ये नवे ऑईल थोड्याच दिवसांत काळे होते. पेट्रोलमध्ये उशिरा होते, सी.एन.जी.मध्ये त्याहूनही उशिरा. त्यामुळे डिझेलला सरावलेला डोळा म्हणतो, ‘अजून चांगलं आहे.’ वास्तविक ते उष्णतेने केव्हाच म्हातारे झालेले असते. डब्यावरची अक्षरेही वाचावीत. ‘एस’ने सुरू होणारी खूण पेट्रोल इंजिनाची, ‘सी’ने सुरू होणारी डिझेलची. पातळ-दाटपणाचा आकडा पुस्तिकेत असेल तोच घ्यावा. दाट ऑईल म्हणजे जास्त ताकद, हा समज खरा नाही.

शिक्षक बंधुभगिनींना एक प्रयोग सुचवतो. ऑईल मोजायच्या पट्टीवरचा एक थेंब टीपकागदावर सोडा आणि कागद रात्रभर अधांतरी ठेवा. डाग करडा होऊन सारखा पसरला, तर ऑईल अजून मळ वाहून नेत आहे. मधोमध काळा गोळा राहून त्याची कड रेखल्यासारखी दिसली, तर त्याची शक्ती संपत आली. हा अंदाज आहे, निकाल नव्हे. पण मुले तो विसरत नाहीत.

आता प्रत्यक्ष काम. गाडी सपाट जागी उभी करावी, हँडब्रेक ओढावा, चाकांना दगड लावावेत. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली कोणी जाऊ नये, घाई कितीही असो. इंजिन पाचएक मिनिटे चालवून बंद करावे. कोमट ऑईल मळासकट उतरते, कढत मात्र हात भाजते. चेंबरचा बोल्ट काढून ऑईल पूर्ण निथळू द्यावे आणि बोल्टाचा वायसर नवा घालावा. फिल्टर बदलताना जुन्याची रबरी कडी इंजिनालाच चिकटून राहिली नाही ना, हे बोटाने चाचपावे. दोन कड्या एकावर एक बसल्या तर गाडी सुरू होताच ऑईल फवाऱ्यासारखे उडते. नव्या कडीला ऑईलचे बोट लावून फिल्टर हातानेच आवळावा. ऑईल पट्टीवरच्या दोन खुणांच्या मध्ये असावे, वर नको. गाडी सुरू केल्यावर ऑईलचा लाल दिवा काही क्षणांत विझला पाहिजे. हा दिवा दाब सांगतो, ऑईलचे वय नाही.

राहिले ते डब्यातले जळके ऑईल. कोणी ते बांधावर ओततात, कोणी गटारात, कोणी सेंटरिंगच्या फळ्यांना फासतात. त्यात इंजिनाच्या धातूचा अंश उतरलेला असतो, आणि बांधावर ओतलेले पावसाबरोबर विहिरीकडे सरकते. २०१६ च्या नियमांनुसार ते घातक कचऱ्यात मोडते, आणि १ एप्रिल २०२४ पासून ते परत गोळा होऊन शुद्ध व्हावे याची जबाबदारी ऑईल बनवणाऱ्यांवरही टाकली आहे. शुद्ध केले की त्याचे पुन्हा चांगले ऑईल होते. म्हणून झाकणाच्या डब्यात, पाणी वा पेट्रोल मिसळू न देता ते साठवावे आणि अधिकृत सर्व्हिस केंद्रात द्यावे. देताना ते पुढे कोणाकडे जाते, हेही विचारावे.