प्रापंचिकाची लेखणी



ख्रिस्तसभेची सेवा म्हणजे वेदीवरील सेवा, असा पुष्कळांचा समज असतो. तो किती अपुरा आहे हे पाहावयाचे असल्यास अमेरिकेतील क्लिफर्ड फेल्प्स मोरहाऊस यांचे चरित्र अवलोकन करावे. हे गृहस्थ आपल्या पंथाचे नव्हेत. ते अँग्लिकन परंपरेतील एपिस्कोपल चर्चचे एक प्रापंचिक. छापखाना व लेखणी हीच त्यांच्या सेवेची साधने होती.

ही साधने त्यांस वारशाने लाभली. आजोबा लिंडन मोरहाऊस यांनी १८७० साली मुलांकरिता 'द यंग चर्चमन' हे पत्र काढून मिलवॉकी येथील प्रकाशनसंस्थेचा पाया घातला. पिता फ्रेडरिक यांनी १९०० पासून 'द लिव्हिंग चर्च' हे साप्ताहिक चालविले. १९३२ साली ते निवर्तले आणि ऐन मंदीच्या दिवसांत अवघ्या अठ्ठावीस वर्षांच्या क्लिफर्डवर संपादकपदाचा भार येऊन पडला. १९५२ पर्यंत ते पद त्यांजकडे होते.

त्या मंडळीचे रीतसर नाव 'प्रॉटेस्टंट एपिस्कोपल चर्च' असे होते. आपण प्राचीन ख्रिस्तसभेचे वारस आहोत, सबब 'प्रॉटेस्टंट' हा शब्द नावात नसावा, असा फ्रेडरिक यांचा आग्रह. त्यांच्या या दाव्याशी आपले मत जुळत नाही, हे उघडच आहे. परंतु त्यांची चिकाटी पाहण्यासारखी आहे. साप्ताहिकातून त्यांनी हा वाद नेटाने चालविला, तरी त्यांच्या हयातीत त्यास यश आले नाही.

पुढे १९६१ साली क्लिफर्ड हे त्या चर्चच्या प्रतिनिधिसभेचे अध्यक्ष निवडले गेले. या सभेत धर्मगुरू व प्रापंचिक शेजारी शेजारी बसून मत देतात. १९६७ साली सिअॅटल येथे, त्यांच्याच अध्यक्षपदाच्या कारकिर्दीत, 'एपिस्कोपल चर्च' या दुसऱ्या नावास घटनेच्या प्रास्ताविकेत मान्यता मिळाली. जुने नावही तसेच राहिले. म्हणजे पित्याने मागितले त्यातील अर्धेच पदरात पडले, आणि तेही त्यांच्यामागे पस्तीस वर्षांनी!

१९७७ साली क्लिफर्ड मोरहाऊस यांनी इहलोकीची यात्रा संपविली.

धर्मबांधवहो, आजचे पत्र उद्या रद्दीत जाते, हे खरे. तथापि त्यातील विचार वाचकांच्या मनात रुजतो व सवडीने उगवतो. पेरणाऱ्यास पीक पाहावयास मिळेलच असे नाही. म्हणून तुमच्यापैकी ज्यास दोन वाक्ये नीट लिहिता येतात, त्याने ते देणे पुरून ठेवू नये. धन्याने हिशेब मागितला म्हणजे ते दडवून ठेवणाऱ्या चाकराची काय गत झाली, हे शुभवर्तमानात आपण वाचलेच आहे.