विहिरीच्या तोंडाशी



मी मराठवाड्यातली. आमच्या गावाला नदी होती ती नावालाच. सोयरिकी, भांडणं, निवडणुका, सगळं ठरायचं ते आडावर. त्यामुळे कुठेही विहीर दिसली की काठावर जाऊन आत वाकून बघायची मला खोड आहे. आज ज्या सहलीबद्दल बोलणार आहे, त्या सहलीला मी गेले होते पिरॅमिड बघायला. परत आले ती विहिरी बघून.

गेल्या हिवाळ्यात आम्ही दोघं मुलाकडे ह्यूस्टनला होतो. त्याने चार दिवसांसाठी सगळ्यांना मेक्सिकोत कान्कूनला नेलं. कान्कून म्हणजे समुद्र, हॉटेलं आणि पुन्हा हॉटेलं. दोन दिवसांत मी कंटाळले. ते सुनेच्या लक्षात आलं आणि तिने रातोरात आम्हा दोघांची एक दिवसाची सहल ठरवून टाकली. चिचेन इत्झा, वाटेत पोहायची एक विहीर, जेवण, बायादोलिद नावाचं गाव, रात्री परत. बरोबर वाटाड्या. कागदावर छापलं होतं, सकाळी ‘प्राचीन भग्नावशेष’ आणि दुपारी ‘वसाहतकालीन शहर’. जणू सकाळचं गाणं वेगळं आणि दुपारचं वेगळं.

सात वाजता बस निघाली. अडीच तासांनी पोचलो तर वाटाड्या म्हणाला, घड्याळं एक तास मागे घ्या. कान्कून किंताना रो राज्यात आहे, चिचेन इत्झा शेजारच्या युकातान राज्यात, आणि दोन राज्यांच्या वेळेत एका तासाचा फरक. आमचे हे खूश. म्हणाले, “बघ, एक तास फुकट मिळाला.” तो संध्याकाळी परत द्यायचा असतो, हे मी तेव्हा बोलले नाही.

वाटेत खिडकीतून बघत होते. दोन्ही बाजूंना खुरटं, दाट रान. टेकडी नाही, ओढा नाही, एकाही पुलावरून बस गेली नाही. न राहवून वाटाड्याला विचारलं, इथे नदी कुठे आहे हो? तो हसला. म्हणाला, आमच्याकडे जमिनीवरून वाहणारी नदीच नाही.

तिथला प्रकार असा आहे. आपल्याकडे काळा पाषाण. विहीर खणायची तर सुरुंग लावा, महिनोन्‌महिने घाम गाळा, आणि तरी पाणी लागेल की नाही ते दैवाच्या हाती. युकातान म्हणजे सगळी चुनखडी, एखाद्या सपाट पोळपाटासारखी. पाऊस पडला की पाणी वर थांबतच नाही, झिरपून खाली जातं आणि दगड आतून विरघळवत राहतं. खाली गुहा होतात, भुयारं होतात, त्यांतून पाणी वाहतं. मग कधीतरी एखाद्या गुहेचं छत कोसळतं आणि वर गोल तोंड उघडं पडतं. ही झाली न खणलेली विहीर. तिथल्या मूळच्या माया लोकांच्या भाषेत तिला ‘झोनोत’च्या जवळपासचा शब्द आहे, स्पॅनिश लोकांनी त्याचं ‘सेनोते’ केलं.

आणि एक गोष्ट सांगते, ती ऐकून मला त्या परक्या मुलखात एकदम आपलेपणा वाटला. याच युकातानच्या उत्तर किनाऱ्याशी, चिक्शुलूबला, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी आकाशातून एक प्रचंड दगड कोसळला. डायनासोर संपले ते यानेच, असं आता बहुतेक शास्त्रज्ञ मानतात. जमिनीत गाडलेल्या त्या खड्ड्याच्या कडेने वायव्य भागातल्या सेनोतेंची एक अर्धवर्तुळाकार माळच्या माळ आहे. आणि साधारण त्याच काळात आपल्याकडे लाव्ह्याचे थरावर थर पसरत होते, ज्यांतून पुढे सह्याद्री आणि आमचा मराठवाडा घडला. डायनासोरांच्या मरणात आपल्या दगडाचा वाटा किती आणि त्यांच्या दगडाचा किती, हा वाद शास्त्रज्ञांनी पुष्कळ वर्षं घातला. म्हणजे भाऊबंदकीच म्हणायची.

चिचेन इत्झा. ‘ची’ म्हणजे तोंड, ‘चेन’ म्हणजे विहीर, इत्झा हे लोक. इत्झांच्या विहिरीच्या तोंडाशी वसलेलं, ते चिचेन इत्झा. इतक्या मोठ्या राजधानीचं नाव, आणि ते राजावरून नाही, देवावरून नाही, विहिरीवरून.

आत शिरलं की आधी दिसतो तो कुकुल्कानचा पिरॅमिड. कुकुल्कान म्हणजे पिसांचा साप. उंची माथ्यावरच्या देवळासकट ३० मीटर. चारही बाजूंना ९१ पायऱ्या. चार नव्वदे आणि चार, ३६४. वरचा चौथरा धरला की ३६५. वाटाड्याने हे गणित बसमधल्या सगळ्यांना घातलं, तेव्हा आमच्या ह्यांचा हात शाळेतल्यासारखा वर गेला. माया लोकांचं सौर वर्ष वीस-वीस दिवसांच्या अठरा महिन्यांचं, आणि वर उरलेले पाच दिवस अशुभ. आपला अधिकमास लग्नाला वर्ज्य असतो ना, त्यातलाच प्रकार. २००६ पासून वर चढायला बंदी आहे. माझ्या गुडघ्यांनी मनातल्या मनात मेक्सिकोच्या सरकारचे आभार मानले.

पायऱ्यांसमोर उभं राहून टाळी वाजवली की वरून चिवचिवल्यासारखा प्रतिध्वनी येतो. तिथले लोक म्हणतात, हा केत्साल पक्ष्याचा आवाज. दर पाच मिनिटांनी कुठला ना कुठला जथा टाळ्या पिटतो. लांबून बघणाऱ्याला वाटावं, आरती चाललीय. दर वर्षी मार्चमध्ये आणि सप्टेंबरमध्ये, दिवस-रात्र समान असतात तेव्हा, उतरत्या उन्हाचे त्रिकोण कठड्यावरून सरकत खाली येतात आणि खालच्या दगडी सापाच्या डोक्याला जोडले जातात. आम्ही गेलो त्या दिवशी साप सुट्टीवर होता.

मला जे खरं भावलं ते वेगळंच. २०१५ साली मेक्सिकोच्या राष्ट्रीय विद्यापीठातल्या संशोधकांनी जमिनीत वीज सोडून तपासलं, तेव्हा या पिरॅमिडच्या पोटाखालीसुद्धा पाण्याची पोकळी असल्याचं त्यांना आढळलं. म्हणजे एवढा डोंगर रचला तोही विहिरीवर.

चेंडूचं मैदान पाहिलं, १६८ मीटर लांबीचं. कवट्या कोरलेला चौथरा पाहिला. हजार खांबांचा मंडप पाहिला. हे सगळं भरभर, कारण वाटाड्या सारखा घड्याळाकडे बघत होता. माणूस जाणता होता. आडात पुष्कळ होतं, पोहराच लहान दिला होता त्याच्या हातात.

पिरॅमिडपासून उत्तरेला एक सरळ वाट जाते, साधारण ३०० मीटर. ‘साक बे’, म्हणजे पांढरा रस्ता. पूर्वी चुन्याने पांढरा असे, आता दोन्ही बाजूंना मुखवटे आणि ओरडणाऱ्या शिट्ट्या विकणारे बसलेले असतात. शिट्टी फुंकली की जग्वार डरकाळतो. वाटेच्या टोकाला ती विहीर. ६० मीटर रुंद, उभे सरळ कडे, आणि वीस-बावीस मीटर खाली हिरवं, गढूळ, हलत नसलेलं पाणी. मी कठड्याला धरून वाकले. वास येत होता ओल्या पाचोळ्याचा, अगदी आमच्या गावातल्या पडक्या बारवेचा. पण या विहिरीचं पाणी कधी कुणी प्यायलं नाही. प्यायच्या पाण्याची विहीर गावात दुसरी होती, श्तोलोक नावाची. ही देवाची. पावसाच्या देवाला, चाकला, इथे वस्तू वाहायचे, आणि माणसंही.

दिएगो दे लांदा नावाच्या फ्रान्सिस्कन साधूने सोळाव्या शतकात हे लिहून ठेवलं. याच लांदाने १५६२ साली मानी गावात माया लोकांच्या पोथ्यांची होळी केली. आज जगात त्यांच्या चार पोथ्या उरल्या आहेत. आणि त्या लोकांबद्दल काही जाणून घ्यायचं तर आजही लांदाचंच पुस्तक उघडावं लागतं. जाळणाराच साक्षीदार. पुढे एडवर्ड टॉम्पसन नावाच्या अमेरिकन वकिलातीतल्या माणसाने लांदाचं वाचून ही जागा शेतीवाडीसकट विकतच घेतली आणि १९०४ पासून विहिरीचा तळ उपसायला सुरुवात केली. जेड निघालं, सोन्याच्या तबकड्या निघाल्या, तांब्याच्या घंटा, धुपाचे गोळे, हाडं. बराचसा माल हार्वर्डच्या पीबडी संग्रहालयात पोचला. काही वस्तू नंतर परत आल्या.

‘कुमारिकांचा बळी’ ही गोष्ट पर्यटकांना फार आवडते. हाडांनी ती खरी ठरवली नाही. त्यांत पुरुष होते, बायका होत्या, पुष्कळ मुलं होती. विहिरीजवळच्या एका भूमिगत टाक्यात १९६७ साली लहान मुलांची हाडं सापडली होती. त्यांतल्या चौसष्ट मुलांचा डीएनए तपासला, तो निष्कर्ष २०२४ साली प्रसिद्ध झाला. चौसष्टही मुलगेच. त्यांत जुळ्यांच्या दोन जोड्या. आणि आजही तिथल्या एका खेड्यात राहणाऱ्या लोकांशी त्यांचं रक्ताचं नातं जुळलं.

हे मला वाटाड्याने सांगितलं, आणि नंतर जरा वेळ तो काहीच बोलला नाही. पुढच्या एका बाईंनी विचारलं, “मग ते माया लोक नाहीसे कसे झाले?” तो म्हणाला, “मॅडम, मी तुमच्यासमोर उभा आहे.”

पोहायच्या विहिरीत मी पाय तेवढे सोडले. जेवणाबद्दल मात्र सांगायला हवं. मक्याच्या भाकऱ्या. मका आधी चुन्याच्या पाण्यात शिजवून घेतात, मग वाटतात. केळीच्या पानात गुंडाळून भाजलेलं मांस आमच्या ह्यांनी खाल्लं, मी घेवड्यावर भागवलं. शेवटी फळांची बशी आली, आणि तिच्यात चिकू! मी म्हटलं, अहो, डहाणूचा चिकू इथे कसा? तर गोष्ट उलटी. चिकूचं झाड मूळचं इकडचंच, आणि त्याच्या स्पॅनिश नावातला ‘चिको’ आपण उचलला. चिचेन इत्झाच्या दारांवरच्या लाकडी तुळया चिकूच्याच लाकडाच्या आहेत, शेकडो वर्षं दगड पेलत. आपण फक्त फळ खातो.

बायादोलिदला पोचलो तेव्हा ऊन कललं होतं. पाऊण तास, वाटाड्याने बजावलं. रंगवलेल्या ठेंगण्या घरांच्या ओळी, मधोमध चौक, चौकात समोरासमोर तोंडं करून बसायच्या जोडखुर्च्या. आम्ही बसलो. पन्नाशी उलटल्यावर जोडखुर्चीत बसलं की आधी कंबर आठवते. चौकातल्या चर्चची कथा मजेदार. १७०३ साली आत आसरा घेतलेल्या दोघांना अधिकाऱ्यांच्या माणसांनी ठार केलं, देवाची जागा विटाळली, म्हणून चर्च पाडून नव्याने बांधलं, आणि दार पश्चिमेऐवजी उत्तरेला केलं. माणसांच्या पापाची शिक्षा इमारतीला.

हे शहर स्पॅनिश लोकांनी १५४३ मध्ये आधी दुसरीकडे वसवलं होतं. तिथली दलदल आणि डास सोसेनात, म्हणून दोन वर्षांत इथे आले. इथे म्हणजे कुठे? सासी नावाच्या भरल्या माया गावावर. त्या गावातली देवळं मोडून त्याच दगडांनी घरं आणि चर्चं बांधली. नाव बदललं, देव बदलला, दगडांची जागा बदलली. फक्त विहीर हलवता येईना. सासीची विहीर आजही चौकापासून हाकेच्या अंतरावर, आहे तिथेच आहे.

मी ह्यांना खुर्चीत ठेवलं आणि वाटाड्याच्या मागे लागले, मठ दाखवा. सान बेर्नार्दिनोचा मठ, १५५२ ते १५६० मध्ये बांधलेला, किल्ल्यासारख्या जाड भिंतींचा. मागच्या अंगणात घुमटाखाली रहाट, आणि खाली सेनोते. नाव सिस-हा. ‘हा’ म्हणजे पाणी, सिस म्हणजे थंड. साधूंनी देव रोममधून आणला, पण देऊळ बांधलं ते थंड पाण्यावरच.

या विहिरीच्या तळातून बंदुका निघाल्या आहेत, शंभराहून जास्त, आणि एक तोफ. १८४७ च्या जुलैमध्ये मानुएल आंतोनियो आय या माया पुढाऱ्याला याच शहरात देहदंड दिला, आणि माया लोकांचं बंड पेटलं. १८४८ मध्ये त्यांनी हे शहर जिंकलंसुद्धा. लढाई म्हणे १९०१ ला संपली. स्पॅनिशमध्ये तिला ‘कास्तां’चं युद्ध म्हणतात. पोर्तुगीजांनी आपल्याकडे येऊन ‘जात’ या गोष्टीला जे नाव दिलं, तोच हा शब्द. मी तो वाटाड्याच्या तोंडून ऐकला आणि एकदम गप्प झाले.

एका विहिरीत जेड आणि मुलं, दुसरीत बंदुका. मी रहाटाच्या कठड्यावरून वाकून बघत राहिले. काळोखच दिसला.

परतीच्या बसमध्ये वाटाड्या फोनवर बोलत होता, टकटकत्या माया भाषेत. ठेवल्यावर मी विचारलं, कोण? म्हणाला, आई. सुरुवातीला काय म्हणालात? म्हणाला, ‘बिश अ बेल’. म्हणजे शब्दशः, तुझा रस्ता कसा आहे. असंच विचारतात आमच्यात, कसं चाललंय म्हणून.

“मग कसा आहे आईचा रस्ता?”

“रस्ता ठीक आहे,” तो म्हणाला. “विहिरीवरची मोटर बिघडलीय. टाकीत पाणी चढत नाही सकाळपासून.”

बाजूला आमचे हे घड्याळ एक तास पुढे करत होते.