दूरच्या संगणकाचे दार



इंदूरच्या घरी बसून पुण्याच्या कचेरीतील संगणकावर काम करणारी तरुण मंडळी आता आपल्या परिचयाची झाली आहेत. हात एकीकडे आणि काम दुसरीकडे, हे घडते कसे आणि त्यात सावध कोठे राहावे, एवढेच आज सांगावयाचे आहे.

या व्यवहारात पक्ष दोन. सेवा मागणाऱ्या संगणकास क्लायंट म्हणतात. ती पुरविणाऱ्यास सर्व्हर. सर्व्हर आपण होऊन कोणास हाक मारीत नाही. ठरलेल्या क्रमांकाच्या दारापाशी तो कान देऊन बसलेला असतो. हाक क्लायंटने मारावयाची. आपण दाबलेले अक्षर सर्व्हरकडे जाते आणि बहुधा तेथून परत आल्यावरच आपल्या पडद्यावर उमटते.

अमेरिकेतील आर्पानेट या जाळ्यावरचा पहिला निरोप असाच होता. २९ ऑक्टोबर १९६९ रोजी लॉस एंजेलिसच्या विद्यापीठातील चार्ली क्लाइन या विद्यार्थ्याने, स्टॅनफर्ड संशोधन संस्थेच्या संगणकात प्रवेश मिळविण्यासाठी, 'लॉगिन' हा शब्द टंकण्यास आरंभ केला. इंग्रजी 'एल' पोहोचला, 'ओ' पोहोचला, आणि व्यवस्था कोलमडली! सुमारे तासाभराने दुसरा प्रयत्न सफल झाला.

पुढे टेलनेट ही पद्धत रूढ झाली. तिच्यात परवलीचा शब्द उघड्या पोस्टकार्डाप्रमाणे जात असे. वाटेवर टपलेल्यास तो सहज वाचता येई. १९९५ साली हेलसिंकीच्या तंत्रविद्यापीठाच्या जाळ्यावर असे शब्द चोरले गेले, तेव्हा तेथील तातू युलोनेन यांनी 'सिक्युअर शेल' ही पद्धत निर्माण केली. टेलनेटचे दार २३ क्रमांकाचे. हिला २२ क्रमांकाचे मिळाले.

हिच्यात दोन्ही संगणक आपापली एक गुप्त संख्या जवळ ठेवतात आणि तिच्यावरून काढलेली दुसरी संख्याच काय ती पाठवितात. तेवढ्यावरून दोघांनाही एकच किल्ली सिद्ध करता येते. ऐकणाऱ्यास मात्र ती काढणे व्यवहारतः अशक्य. डिफी आणि हेलमन यांनी १९७६ साली प्रसिद्ध केलेल्या युक्तीचे हे फळ होय.

परंतु गुप्तपणे बोलणे निराळे आणि योग्य व्यक्तीशी बोलणे निराळे. गुप्त बोलणे भामट्याशीही होऊ शकते! म्हणून सर्व्हर प्रथम आपल्या खाजगी किल्लीने सही करून ओळख पटवितो, आणि क्लायंट ती पूर्वी टिपून ठेवलेल्या नोंदीशी ताडून पाहतो. त्यानंतरच आपण परवलीचा शब्द द्यावयाचा, अथवा आपल्या किल्लीची सही; ती किल्ली स्वतः घराबाहेर पडत नाही.

मात्र पहिल्या भेटीत ताडण्यास नोंदच नसते. त्या वेळी पडद्यावर, बोटाच्या ठशासारखी, त्या सर्व्हरची खूण दिसते आणि 'पुढे जावे काय?' असा प्रश्न येतो. पुष्कळजण न वाचताच होकार देतात. एवढी सारी व्यवस्था त्या एका होकारावर उभी असते! सर्व्हर सांभाळणाऱ्याकडून ती खूण दूरध्वनीवर विचारून घ्यावी, जुळवावी, मगच होकार द्यावा. पुढे कधी ओळख बदलल्याची सूचना आली, तर यंत्र नवे आले असेल किंवा मध्ये कोणी तोतया बसला असेल. चौकशी केल्यावाचून पाऊल टाकू नये.

दार उघडण्यापूर्वी 'कोण आहे?' असे विचारण्याची आपली रीत आहे. येथे बाहेर उभ्या असणाऱ्यानेही तोच प्रश्न विचारला पाहिजे.